दोघांची खोली

सेलामनं मला चार दिवस आधीच बजावून ठेवलं होतं. "एव्हर्ट, बुधवारी पालिकेची बाई येईल तेव्हा घर आवरायचं नाही. खरकट्या कपबशा बेसिनमध्ये तशाच राहू देत. ओली गादी तिला दिसली पाहिजे. आणि कृपा कर, दाढी करू नकोस."

सेलाम म्हणजे पालिकेकडून घरी मदतीला येणारी बाई. मूळची एरिट्रियाची, पण बारा हिवाळे इथे काढलेत तिनं, त्यामुळे बोलते ती आमच्यासारखीच, कमी आणि तोंडावर. सकाळ-संध्याकाळ यायची, माझ्या बायकोला, गुनवोरला, अंघोळ घालायची, औषधं द्यायची आणि जाता जाता मला दम देऊन जायची.

"म्हणजे घर घाण ठेवून पाहुण्याला बोलवायचं?" मी म्हटलं.

"पाहुणी नाहीये ती. गरज तपासायला येतेय."

"उंबरा ओलांडून आत येतेय ना? मग पाहुणीच."

सेलामनं कपाळावर हात मारून घेतला. मारू दे. चौऱ्याऐंशी वर्षांचा झालो मी, माझ्या घरी आलेल्या माणसानं आजवर खरकटं भांडं पाहिलेलं नाही.

बुधवारी पहाटे उठून मी सगळं घर झाडून-पुसून काढलं. गादी उचलून अंगणातल्या बाष्पस्नानाच्या खोपटात लपवली. गुनवोर शेगडी पेटवून विसरते म्हणून शेगडीची बटणं मी काढून खिशात ठेवतो, ती परत बसवली. बाहेरच्या दाराची साखळी काढली. दंडावर तिनं मारल्याचा काळा-निळा वळ होता, त्यावर लांब बाह्यांचा शर्ट घातला आणि मनगटापर्यंत गुंड्या लावल्या. दाढी तर केलीच.

आता कुणी म्हणेल, म्हाताऱ्याला अक्कल नाही. नव्हतीच. कारण त्या दिवशी काय पणाला लागलंय ते मला चांगलं माहीत होतं. चर्चच्या मागच्या टेकाडावर आमच्या गावचं वृद्धनिवास आहे, रोनबाकन. बारा खोल्या एकेकट्यांच्या आणि एकच खोली दोघांची. लुंडमार्क नवरा-बायको त्या खोलीत राहायचे. आधी ती गेली, मग जूनमधल्या मिडसमरच्या सणाच्या आठवड्यात तोही गेला, आणि खोली रिकामी झाली. आमच्या देशात म्हाताऱ्या जोडप्याची ताटातूट करायची नाही असा कायदा आहे, चांगला कायदा आहे. पण दोघांपैकी एकाची गरज तर कागदावर यायला हवी. गुनवोरची गरज सिद्ध झाली की तिच्या मागोमाग मी, असं ते गणित होतं. सत्तावन्न वर्षं आम्ही एका पलंगावर झोपलोय. राहिलेली दोन-चार तिथेच काढायची, एवढंच माझं मागणं होतं.

पालिकेची पोरगी आली, तिचं नाव तिल्डा. तिशीची असेल, दक्षिणेकडची, पातळ बूट घालून पावसातून आली होती. आणि गुनवोर! सकाळी मला "तू कोण रे, लाकूडवाला का?" विचारणारी माझी बायको दार उघडून अशी उभी राहिली की राणीनं बघत राहावं.

"ये गं, ये. बूट किती ओले झालेत तुझे! एव्हर्ट, लोकरीचे मोजे आण हिला."

गुनवोर एकतीस वर्षं गावच्या शाळेत स्वयंपाकीण होती. तिच्या हातांना अजून सगळं येतं, डोक्याला येत नाही. टेबलावर कापड अंथरलं, कपांचे कान सगळे एका बाजूला, चमचे बशीत. कॉफीबरोबर सात जातीची बिस्किटं लागतात आमच्याकडे. सहा मांडली तर चिक्कू, आठ मांडली तर शेखीखोर. मी दुकानातून आणून बशीत लावली होती. तिनं एक नजर टाकली नि म्हणाली, "सातवं कुठाय?" महिना कुठला चाललाय ते सांगता येत नाही, पण बिस्किटं सहाच आहेत हे तिला दारातूनच कळलं.

तिल्डानं कागद काढले. "गुनवोर, आज तारीख काय, सांगाल का?"

"अगं, कॅलेंडर तिथे तुझ्या डोक्यावर लटकतंय. तरणीताठी तू, तूच बघ की. माझे डोळे कशाला शिणवतेस?"

तिल्डा हसली. मीही हसलो. मेलो असतो तरी चाललं असतं, पण हसलो.

"झोप लागते का रात्री?"

"मला लागते. हा घोरतो त्यातून वेळ मिळाला की लागते."

मग तिल्डा माझ्याकडे वळली. हळू आवाजात म्हणाली, "एव्हर्ट, कधी घरातून निघून जातात का त्या? कधी रागाच्या भरात हात वगैरे उचलतात का?"

गुनवोर माझ्याकडे बघत होती. घाबरून नव्हे. नवऱ्याकडे जसं बघावं तसंच बघत होती, निवांत, किटली हातात धरून. त्या डोळ्यांसमोर मी काय सांगायचं? ही चादरीत घाण करते म्हणून? आपलेच दात आणि आपलेच ओठ. तीसुद्धा आयुष्यभर तशीच वागली. शाळेतल्या कुठल्या पोराच्या घरी काय चाललंय, कुणाचा बाप पिऊन पडतो, कुणाच्या डब्यात काय नसतं, सगळं तिला ठाऊक असायचं. कधी एक अक्षर तिच्या तोंडून बाहेर पडलं नाही. चहाड्या करणाऱ्या माणसाचा तिला भारी तिटकारा. झाकली मूठ सव्वा लाखाची, हेच आमच्या घरात चालत आलंय.

मी श्वास आत ओढला. आमच्याकडे उत्तरेत 'ठीक आहे' म्हणायला तोंड उघडावं लागत नाही, तेवढ्यानं भागतं. "चाललंय आमचं," मी म्हटलं.

ऑक्टोबरात पत्र आलं. भाषा काय सुंदर! अर्जदाराची गरज घरपोच मदतीतून भागू शकते, मदत दिवसातून दोनऐवजी चार वेळा करण्यात येत आहे, निर्णय मान्य नसल्यास तीन आठवड्यांत दाद मागता येईल. सेलामनं पत्र वाचलं आणि टेबलावर टाकलं.

"बाष्पस्नानाच्या खोपटात गादी मी बघितली," ती म्हणाली. "आणखी काय काय लपवलंस?"

मी पत्राची घडी घालून खिशात ठेवली.

नोव्हेंबरात व्हायचं ते झालं. दुपारी जेवणानंतर खुर्चीत माझा डोळा लागला, दहा मिनिटं असेल नाहीतर तास असेल. जागा झालो तर साखळी लोंबतेय आणि दार सताड उघडं. बाहेर उणे चौदा, उजेड संपत आलेला. ताज्या बर्फात पावलं होती म्हणून सापडली, नाहीतर काही खरं नव्हतं. घरातल्या सपाता घालून ती एक किलोमीटर चालत गेली होती, शाळेपाशी. ती शाळा बंद होऊन पंधरा वर्षं झाली. स्वयंपाकघराचं मागचं दार ती दोन्ही हातांनी ठोकत होती. मला बघून ओरडली, "किल्ली आण किल्ली! पोरं जेवायची थांबलीत!"

मी तिला धरलं तर तिनं माझ्या तोंडावर मारलं. मीही रडत होतो, तीही रडत होती. चाळीस वर्षं या रस्त्यावरचा बर्फ काढायचं यंत्र चालवलं मी, कितीतरी गाड्या खड्ड्यातून ओढून काढल्या. पंचेचाळीस किलोची बायको मला त्या दारापासून हलवता येईना. शेवटी सेलामची गाडी आली म्हणून बरं. गुनवोरच्या पायाच्या दोन बोटांना बर्फानं खाल्लं, ती काळी पडली आणि काढावी लागली.

डिसेंबरात तिल्डा पुन्हा आली, धावतपळतच आली. या खेपेला मी दाढी केली नाही. घर आवरलं नाही. गादी पलंगावरच ठेवली. दक्षिणेत राहणारी आमची मुलगी अन्नेली फोनवर म्हणाली होती, "पप्पा, एकदाच खरं बोल. तुला शपथ आहे माझी." तर मी ठरवलं होतं, बोलायचं.

सेलाम गुनवोरला म्हणाली, "चल, आपण जरा आत बसू." पण घरात पाहुणी आलेली, गुनवोर कसली हलते! टेबलाशी बसली ती, बाहीची किनार चाचपत. तिल्डा म्हणाली, "एव्हर्ट, नंतर फोनवर बोलू या का?"

तिथे माझी बुद्धी फिरली. मी मनात म्हटलं, हिला काय, पाच मिनिटांत विसरेल. सकाळची लापशी विसरते, आपल्या पोरीचं नाव विसरते, गेलेली बोटं विसरून बूट पायात कोंबते. एकदाचं बोलून मोकळा हो, कॉफी संपेपर्यंत हिच्या डोक्यातून जाईल.

आणि मी बोललो. बांध फुटला की पाणी कुठे विचारून वाहतं? चादरींचं सांगितलं. भिंतीला काय फासते ते सांगितलं. मला चोर म्हणते, किटली फेकून मारते, तेही. बाही वर करून दंड दाखवला. माझंही सांगितलं. एकदा तिला न्हाणीघरात कोंडून मी तासभर झोपलो होतो, बाहेरून कडी घालून, आणि ती आतून हाका मारत होती. हे आजवर अन्नेलीलाही सांगितलं नव्हतं. तिल्डा लिहीत होती. मग लिहायची थांबली.

गुनवोर सगळं ऐकत होती. मी गप्प झाल्यावर ती उठली आणि तिल्डाच्या पुढ्यातला अर्धा भरलेला कप उचलून घेऊन गेली. मग बिस्किटांची बशी उचलली. आमच्या गावात याचा अर्थ एकच होतो, बैठक संपली.

दहा दिवसांत निर्णय आला. मंजूर. रोनबाकनची दोघांची खोली अजून रिकामीच होती. मी पत्र हातात घेऊन स्वयंपाकघरात अक्षरशः नाचलो. या वयात नाचलो! पलंगाची मापं घेतली, खिडकीशी कुणाची खुर्ची ठेवायची ते ठरवलं, रेडिओला नवी बॅटरी घातली. एक कागद तेवढा उरला होता. एकत्र राहायचं तर दोघांची संमती हवी. दोघांनाही वेगवेगळं विचारायचं, एकमेकांसमोर नाही. नियम आहे तो. कुणी बाई नवऱ्याच्या धाकानं हो म्हणू नये म्हणून केलाय. मीही मान डोलावली, योग्यच आहे म्हटलं.

माझं विचारून झालं. मग तिल्डा स्वयंपाकघरात गुनवोरपाशी बसली आणि मी बाहेर कोटांच्या खुंट्यांखाली उभा राहिलो. दार लोटलेलं होतं, पण ऐकू येत होतं.

"गुनवोर, टेकडीवरच्या नव्या खोलीत जायला आवडेल तुम्हाला?"

"हो, का नाही? तिथे जेवण कोण करतं?"

"आणि एव्हर्टनं तुमच्याबरोबर त्या खोलीत राहावं असं वाटतं का तुम्हाला?"

"नको."

मला वाटलं तिला प्रश्नच कळला नाही. तिल्डालाही तसंच वाटलं असावं, तिनं पुन्हा विचारलं, अगदी सावकाश.

"नको म्हटलं ना. माणूस वाईट नाही तो. पण घरातलं बाहेर सांगतो. परक्या बाईला सगळं सांगितलंन माझं. माझ्यासमोर." मग थोडं थांबून, "असल्या माणसासमोर कपडे कसे बदलायचे?"

मी कोटांमध्ये तोंड खुपसून उभा राहिलो. तिचाच कोट होता तो.

तिल्डा भली पोरगी. म्हणाली, आज दिवस बरा नसेल, पुन्हा येते. पुढच्या आठवड्यात आली, सकाळी, गुनवोरचं डोकं जरा ताळ्यावर असतं तेव्हा. नको. त्यानंतर सेलामनं विचारून पाहिलं, केस विंचरताना, सहज, गप्पांच्या ओघात. नको. तिल्डाच्या तिसऱ्या खेपेला अन्नेली फोनवर होती. "मम्मा, अगं पप्पा आहेत ते. आपले पप्पा."

"तू कोण बोलतेस?" गुनवोरनं विचारलं. आणि मग, "त्याला नको. तो सांगतो."

पोटची पोर ओळखू येत नाही हिला! नाताळ झाला कळत नाही, दात कुठे ठेवले कळत नाही. सगळं विसरली, सगळं, आणि हे तेवढं धरून बसली. मी कुठे जाऊन डोकं आपटायचं?

मी तिल्डाच्या मागे अंगणापर्यंत गेलो. "पोरी, तू हो लिही," मी म्हटलं. "कुणाला कळतंय? ती काही वाचायला येणार नाही."

"एव्हर्ट, मी तिच्या वतीनं हो लिहू शकत नाही."

"तिचं डोकं ठिकाणावर नाही हे तुम्हीच लिहिलंय ना कागदावर? मग तिचं नको कसं चालतं तुम्हाला?"

"कोणाबरोबर झोपायचं हे तिला अजून ठरवता येतं," ती म्हणाली. तिचे डोळे भरले होते. "माझी आजी असती तर मला असंच हवं असतं."

आता या पोरीला शिव्या घालू? कशाबद्दल? सगळे नीट वागत होते. पत्रं वेळेवर येत होती, फोन केला की माणूस बोलत होता. मी लुच्चा सरकारी माणूस शोधत होतो भांडायला, आणि तो मिळत नव्हता. भांडण करावं तर ते माझ्याशीच करावं लागत होतं.

संमती नाही म्हटल्यावर दोघांची खोली हातची गेली. ती जोडप्यालाच मिळते, आणि रांगेत दुसरं जोडपं होतं. रोनबाकनच्या एकेकट्या खोल्या भरलेल्या. गुनवोरला जागा मिळाली ती नव्वद किलोमीटरवर, तालुक्याच्या गावी. डोळ्यांमुळे डॉक्टरनं माझा गाडीचा परवाना काढून घेतलाय. बस मंगळवारी आणि शुक्रवारी, तीही वादळ नसेल तर. जागा नाकारायची सोय होती, पण मग ती पुन्हा शाळेकडे निघाली तर? माझ्यानं ती दारापासून हलत नाही, हे मी पाहिलं होतं. मी कागदावर सही केली.

फेब्रुवारीतल्या एका सकाळी तिला न्यायला पालिकेची गाडी आली. तिच्या प्रत्येक कपड्याच्या कॉलरमागे मी नावाची पट्टी शिवली होती, वेडीवाकडी का होईना. सेलाम तिच्याबरोबर जाणार होती. पालिकेनं दिलेल्या प्रवासाच्या परवान्यावर त्या दोघींचीच नावं होती. मी नको, असं गुनवोरनं गाडीबद्दलही सांगून ठेवलं होतं, म्हणून माझं घातलंच नव्हतं.

सेलामनं तिला मागच्या सीटवर बसवलं आणि स्वतः पुढे बसली. मी सपाता घालूनच पायऱ्या उतरलो. म्हटलं, निदान पट्टा तरी नीट लावतो. दारातून वाकलो, पट्टा ओढला, अडकवला. लोकरीची टोपी कानांवरून खाली केली. तिनं वर माझ्याकडे पाहिलं. चेहऱ्यावर रागाचा मागमूस नव्हता, काहीच नव्हतं, नेहमीची गुनवोर होती.

"एव्हर्ट," ती म्हणाली, "असा काय उभा राहिलायस? बस ना. दार उघडं ठेवून सगळी थंडी आत घेतोयस."

आणि सरकली. पट्ट्यात जेवढं सरकता येईल तेवढी बाजूला सरकली आणि शेजारच्या जागेवर हातानं थापटलं.

मी सेलामकडे बघितलं. तिनं ऐकलं होतं. मागे वळून ती अगदी बारीक आवाजात म्हणाली, "रोनबाकनची ती खोली शुक्रवारीच दिली रे त्या दुसऱ्या जोडप्याला. सामानसुद्धा आलं त्यांचं."

गाडीवाला आरशात बघत होता. बिचारा म्हणाला, "काका, नाव नाहीये परवान्यावर, नाहीतर मी नाही म्हणालो नसतो."

आणि बसलो असतो समजा, तर तिथे पोचल्यावर उठावं लागलंच असतं. तिच्या खोलीत एकच पलंग.

"बस की रे," गुनवोर म्हणाली. "लोक खोळंबलेत."

"तू हो पुढे," मी म्हटलं. "मी आलोच."

दार लावलं. गाडी मागे घेऊन वळवताना काचेतून ती मला दिसली. शेजारच्या जागेवर तिनं आपली पर्स ठेवली होती, कुणी बसू नये म्हणून.